देह आपला, नजर कोणाची?



उरण तालुक्यातल्या माणसाला शरीरसौंदर्याचा नमुना पाहावयाचा झाल्यास फार लांब जावे लागत नाही. मोऱ्याहून होडीत बसावे आणि घारापुरीला उतरावे. सहाव्या शतकाच्या सुमारास खोदलेल्या त्या लेण्यात सुमारे १८ फूट उंचीची महेशमूर्ती आहे, अर्धनारीश्वर आहे, गंगाधर आहे. पोर्तुगीज अमलात या मूर्तींची मोडतोड झाली, तरी जे उरले आहे ते पुष्कळ आहे. या शरीरांकडे जरा नीट पाहावे. खांदे रुंद आहेत, परंतु स्नायूंच्या गाठी कोठे दिसत नाहीत. दंड फुगवून दाखविलेला नाही, पोट आत ओढून धरलेले नाही. सावकाश श्वास आत घ्यावा आणि अंग भरून यावे, तशी ती भरलेली शरीरे आहेत. महेशमूर्तीच्या दोन्ही अंगांस जे उंच द्वारपाल उभे आहेत त्यांच्याजवळ बुटके गण आहेत. शंकराच्या परिवारात या ठेंगण्यांना आणि पोट सुटलेल्यांना नेहमीच जागा मिळाली आहे. त्याचा एक मुलगा तर लंबोदर या नावानेच घरोघर पुजला जातो.

यावरून सहाव्या शतकात प्रत्येकाला आपल्या अंगाचा संतोष होता असा निष्कर्ष मी काढणार नाही. लेणी पाहून लोकांच्या मनाचा अदमास बांधणे धोक्याचे असते. मला एवढेच म्हणावयाचे आहे की, चांगले शरीर कसे दिसते या प्रश्नाला उत्तरे अनेक आहेत, आणि ती काळाप्रमाणे बदलत आली आहेत. आज आपण जे उत्तर सनातन समजून चाललो आहोत, ते आपल्याकडे येऊन सव्वाशे वर्षेच झाली आहेत.

ते कसे आले ते सांगण्यापूर्वी एका मुलाची गोष्ट सांगतो. दापोलीजवळच्या मुरूडचा धोंडो केशव कर्वे हा मुलगा, जन्म १८५८ चा. त्याला इयत्ता सहावीची सरकारी परीक्षा द्यावयाची होती आणि त्यासाठी साताऱ्यास जाणे भाग होते. ही गोष्ट १८७५ च्या सुमाराची. मुरूडाहून सातारा म्हणजे शंभरावर मैलांची वाट, मध्ये सह्याद्रीचा घाट. सोबत्यांबरोबर हा मुलगा पायी निघाला आणि पायीच पोचला. परीक्षेला वयाची अट सतरा वर्षांची होती. परीक्षा समितीच्या प्रमुखांनी त्याच्याकडे पाहिले आणि हा सतरा वर्षांचा दिसत नाही, असे म्हणून त्याला परत लावून दिले. वयाने तो सतरा वर्षांचा होता. अंगाने मात्र लहानखुरा होता. शंभर मैल डोंगर तुडवून आलेले त्याचे पाय त्या गृहस्थांना दिसले नाहीत, उंची तेवढी दिसली. पुढे महर्षी म्हणून ज्यांना आपण ओळखतो ते हेच कर्वे. १९१५ साली प्रसिद्ध झालेल्या ‘आत्मवृत्ता’त त्यांनी ही हकीकत स्वतः लिहून ठेवली आहे.

मंडळी, शरीराच्या इतिहासात रोगांच्या साथी असतात, औषधे असतात, दुष्काळ असतात. परंतु या सर्वांइतकीच एक गोष्ट माणसाच्या प्रकृतीवर परिणाम करीत आली आहे, आणि ती म्हणजे पाहणाऱ्याची नजर. साताऱ्यातली ती नजर एका परीक्षकाची होती. १८५७ नंतर इंग्रज सरकारने साऱ्या हिंदुस्थानाकडे तशाच नजरेने पाहिले. कोणत्या जाती लढाऊ आणि कोणत्या दुबळ्या, याच्या त्याने याद्या केल्या. ज्या महार पलटणींनी कंपनीच्या लढाया लढल्या होत्या, त्यांच्या जातीची भरतीही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बंद करून टाकली. राज्यकर्त्याने दुबळे म्हटले की सुशिक्षित मनाला ते लागते. महाराष्ट्रात तालमी पूर्वीपासून होत्या, मारुतीची देवळे होती, बाळंभटदादा देवधरांनी पेशवाईच्या अखेरीस मल्लखांबाची विद्या मांडून ठेवली होती. परंतु दुबळेपणाचा डाग धुऊन काढण्यासाठी शरीर कमवावयाचे, ही भावना नवी होती. तिच्यातून पुष्कळ चांगले घडले. थोडे वाईटही घडले, आणि ते आपण सहसा बोलून दाखवीत नाही.

चांगल्याचे उदाहरण सर्वांना ठाऊक आहे. बळवंतराव टिळक १८७३ साली डेक्कन कॉलेजात आले तेव्हा त्यांची प्रकृती किरकोळ होती. पहिले वर्ष त्यांनी कुस्ती, पोहणे आणि व्यायाम यांत घालविले. परीक्षा बुडाली, शरीर मिळाले. हा भाग आपण मुलांना मोठ्या हौसेने सांगतो. त्यापुढचा भाग मात्र फारसा कोणी सांगत नाही. १९०८ साली टिळक मंडालेच्या तुरुंगात गेले तेव्हा त्यांना मधुमेह होता. वय बावन्न वर्षांचे. तरुणपणी कमावलेले ते शरीर आता निराळे झाले होते. टिळकांनी त्याचा संताप केला नाही, आणि ते जुने शरीर परत आणण्याचा अट्टाहासही केला नाही. सातूच्या पिठाचा बेताचा आहार ठरवून घेतला, दिवसाचा क्रम बांधला, आणि १९१०-११ च्या हिवाळ्यात ‘गीतारहस्य’ लिहून काढले. माझ्या मते अठराव्या वर्षीच्या तालमीपेक्षा बावन्नाव्या वर्षीचा हा सातू मोठा आहे. जे शरीर आज आपल्यापाशी आहे त्याच्याशी करार करून राहणे, याला जोर काढण्यापेक्षा अधिक धैर्य लागते.

त्यांचे कॉलेजातले मित्र गोपाळराव आगरकर यांना दम्याने पछाडले होते. १८८२ मध्ये डोंगरीच्या तुरुंगात दोघांनी १०१ दिवस बरोबर काढले. एक कोठडी, एक कदान्न, परंतु शरीरे दोन. आगरकर १८९५ मध्ये चाळिशीही न गाठता गेले. सर्वांना एकच व्यायाम आणि सर्वांकडून एकाच फळाची अपेक्षा, हे गणित येथेच चुकते.

आता त्या सव्वाशे वर्षांच्या उत्तराकडे येतो. प्रशियात जन्मलेला आणि इंग्लंडात नाव काढलेला युजेन सँडो हा बलवान पुरुष १९०४-०५ साली हिंदुस्थानात येऊन आपल्या शरीराचे प्रयोग करून गेला. ग्रीक संगमरवरी पुतळ्यांची मापे आदर्श मानून त्याबरहुकूम त्याने आपले शरीर घडविले, अशी त्याची ख्याती होती. म्हणजे पाहा, कारागीर माणसाकडे पाहून पुतळा करी. आता पुतळ्याकडे पाहून माणूस करावयाचा अशी उलटी रीत आली. छाती किती इंच, दंड किती इंच, हे टेपेने मोजून वहीत लिहावयाचे; आरशासमोर उभे राहावयाचे. सँडो निघून गेला, त्याची पुस्तके आणि त्याची डंबेल्स राहिली. आपल्याकडे त्याचे नाव अजून बिनबाह्यांच्या बनियनला चिकटून आहे, इतका तो आपल्या अंगाशी आला.

सँडोच्या नादी लागलेल्यांत औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी होते. त्यांनी त्याची साधने मागविली, पुस्तके मागविली आणि सुमारे दहा वर्षे त्याच्या पद्धतीने नेमाने व्यायाम केला. मग १९०८ च्या सुमारास मिरजेच्या अधिपतींच्या आग्रहावरून ते सूर्यनमस्काराकडे वळले आणि १९५१ साली वयाच्या त्र्याऐंशीव्या वर्षी जाईपर्यंत त्याचे भक्त राहिले. आपल्या संस्थानच्या शाळांतून त्यांनी नमस्कार सुरू केले, स्त्रियांनीही ते घालावेत म्हणून खटपट केली. १९३८ मध्ये त्यावरचे त्यांचे इंग्रजी पुस्तक लंडनला निघाले. पंतांच्या लिखाणात नमस्काराने काय काय साधते याची जी यादी येते ती मला फार लांबलेली वाटते. राजेलोकांना हात राखून बोलण्याची सवय नसते. परंतु त्यांच्या हातून झालेला बदल मोलाचा आहे. नमस्काराला प्रतिस्पर्धी लागत नाही, डंबेल लागत नाही, आरसा लागत नाही. एक सतरंजी पुरते. ज्याला बारा झेपतात त्याने बारा घालावे. सासुरवाशिणीला, म्हाताऱ्याला, शाळेच्या मुलीला, ज्यांना तालमीच्या दारात कोणी उभे केले नसते त्यांना, घरातल्या घरात करता येईल असा हा व्यायाम झाला.

त्याच सुमारास स्वामी कुवलयानंदांनी, म्हणजे जगन्नाथ गणेश गुण्यांनी, आणखी एक पाऊल पुढे टाकले. नौली करताना पोटात नेमके काय होते हे त्यांनी क्ष-किरणांच्या साहाय्याने तपासावयास घेतले आणि १९२४ साली लोणावळ्याला कैवल्यधाम स्थापन केले. शरीर बाहेरून कसे दिसते हा प्रश्न त्यांनी बाजूला सारला आणि आत कसे चालते हा प्रश्न विचारला. व्यायामाच्या इतिहासात हा फरक लहान नाही.

येथवर मी पुरुषांविषयीच बोललो. स्त्रियांच्या शरीराकडे पाहणारी नजर याहून फार कठोर होती. विधवेचे केशवपन म्हणजे शरीर नाकारण्याची पराकाष्ठाच. १८९० मध्ये मुंबईच्या नाभिकांनी सभा भरवून विधवांच्या डोक्याला वस्तरा न लावण्याचा निश्चय केला. त्यामागे नारायण मेघाजी लोखंड्यांची खटपट होती. त्यानंतर तीन वर्षांनी, १८९३ साली, त्या साताऱ्याहून परत पाठविलेल्या मुलाने, म्हणजे आता प्रोफेसर झालेल्या अण्णासाहेब कर्व्यांनी, गोदूबाई या विधवेशी पुनर्विवाह केला. पुढे पुण्याबाहेर हिंगण्याच्या माळावर त्यांनी विधवांसाठी आश्रम नेला. दिवसा फर्ग्युसन कॉलेजात शिकवावयाचे आणि संध्याकाळी चिखल तुडवीत हिंगण्याला चालत जावयाचे, असा क्रम त्यांनी वर्षानुवर्षे चालविला. याला त्यांनी व्यायाम म्हटले नसते. आश्रम तेथे होता म्हणून ते तेथे चालत जात. ते अंग लहानखुरेच राहिले आणि १९६२ पर्यंत, वयाच्या १०५ व्या वर्षापर्यंत टिकले.

स्पर्शानेच विटाळ होतो असे ज्यांच्या शरीराविषयी मानले जाई त्यांचा प्रश्न आपल्याच जिल्ह्यात उभा राहिला. तेव्हाचा कुलाबा, १९८१ पासूनचा रायगड. महाडला २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात तेथे दुसरी परिषद झाली, तेव्हा जमलेल्या स्त्रियांना त्यांनी लुगडे कसे नेसावे आणि जातीची खूण म्हणून अंगावर वागविलेले जड दागिने का टाकून द्यावेत ते समजावून सांगितले. कोणी याला पोशाखाचा उपदेश म्हणेल. दुसऱ्याने आपल्या अंगावर मारलेला शिक्का आपल्या हाताने पुसून टाकणे, असा त्याचा अर्थ आहे.

आणि त्याच १९२७ च्या जुलैत मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ मासिकाचा पहिला अंक निघाला. संपादक रघुनाथ धोंडो कर्वे, अण्णासाहेबांचे थोरले चिरंजीव. गणिताचे प्राध्यापक. संततिनियमनाचा प्रचार सोडावयास तयार नव्हते म्हणून १९२५ मध्ये नोकरीला मुकलेले. मासिकाच्या मुखपृष्ठावर ते विवस्त्र स्त्रीचे चित्र छापीत, आणि आत त्यांचे म्हणणे असे की, शरीराचा कोणताही अवयव मुळात लाजिरवाणा नाही; लाज ही शिकविलेली गोष्ट आहे आणि तिच्यापायी माणसे रोग लपवितात. आहार, गुप्तरोग, संततिनियमन या सर्वांवर त्यांनी लिहिले. वाचक त्यांना पत्रे पाठवीत. घरात, वैद्याजवळ, मित्राजवळ जे विचारता येत नाही ते या लोकांनी एका गणिताच्या प्राध्यापकाला विचारले, आणि त्याने सरळ उत्तरे दिली. त्या उत्तरांवरूनच अश्लीलतेचा खटला झाला. १९३४ मध्ये बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले, तरी दंड झालाच. मासिक मात्र १९५३ साली कर्वे जाईपर्यंत चालू राहिले. रघुनाथरावांचा स्वभाव एककल्ली होता आणि त्यांची भाषा पुष्कळदा रुक्ष असे, हे मान्य केले पाहिजे. परंतु शरीराची लाज हा आरोग्याचा शत्रू आहे, हे इतक्या स्पष्टपणे मराठीत त्यांच्याआधी कोणी मांडले होते असे मला दिसत नाही.

आता आपण आपल्या गावात येऊ. व्यायामाच्या ज्या पुस्तकांविषयी मी बोललो, त्यांत उरणच्या माणसाचे चित्र तुम्हांला आढळणार नाही. परंतु ज्यांना शरीर कमवावे लागले नाही, शरीर वापरावे लागले, अशी माणसे येथे पिढ्यान्‌पिढ्या राहत आली. आगरी हे नावच मिठाच्या आगराशी जोडलेले आहे. उधाणाच्या भरतीला समुद्राचे पाणी आत घ्यावयाचे, एका खाचरातून दुसऱ्यात असे उन्हावर आटवीत न्यावयाचे, आणि शेवटच्या वाफ्यात मीठ धरले म्हणजे लाकडी फावड्याने ओढून त्याच्या राशी घालावयाच्या. त्याआधी वाफ्याची जमीन पायांनी तुडवून घट्ट करावयाची. पावसाळ्यात खारजमिनीत भात, बांध फुटला की छातीभर पाण्यात उभे राहून बांध घालावयाचा. करंजा-मोऱ्याच्या कोळिणी टोपलीचे ओझे डोक्यावर घेऊन बाजार गाठीत. या कष्टांचे गोडवे गाण्यात अर्थ नाही. मिठाने पाय फाटत, उन्हाने डोळे जात, बाळंतपणानंतर बाई चार दिवसांत कामाला लागे. त्या शरीराला कोणी सुंदर म्हटले नाही. काळे, रापलेले म्हणून मुंबईच्या पांढरपेशाने नाक मुरडले. परंतु तांदळाची भाकरी, भात, जवळा, बोंबील हे जे खाल्ले जाई, ते त्या कामात जिरून जाई. ताट आणि काम यांचा मेळ होता.

१९७० मध्ये सिडको स्थापन झाली आणि नव्या मुंबईसाठी ठाणे, पनवेल, उरण या तालुक्यांतल्या ९५ गावांची जमीन घेण्याचे ठरले. मोबदल्यासाठी जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात शेतकऱ्यांनी प्राण दिले. १९८९ च्या मे महिन्यात न्हावाशेव्याचे बंदर सुरू झाले. जानेवारी २०२४ मध्ये उरणपर्यंत आगगाडी आली आणि शिवडीहून समुद्रावरचा पूलही त्याच महिन्यात खुला झाला. जमिनीचा भाव किती, भूखंड किती टक्के, यांवर लढे झाले आणि ते होणे न्याय्य होते. शरीराचा हिशेब मात्र कोणी मांडला नाही. आजोबा दिवसभर वाफा तुडवीत, नातू कंटेनरच्या यार्डात खुर्चीवर किंवा गाडीच्या चाकामागे बसतो. भाताची रास मात्र ताटात तेवढीच राहिली, त्यावर हळदीच्या आणि लग्नाच्या पंगती वाढल्या. त्यात हातात मोबाइल आला, आणि सँडोचा जुना पुतळा त्याच्या पडद्यावर पुन्हा उभा राहिला. मुलाला सहा महिन्यांत पोटावर सहा वळ्या पाहिजेत म्हणून तो कुठली तरी भुकटी खातो. मुलीला गोरी आणि सडपातळ वधू पाहिजे अशी जाहिरात वाचून जेवण सोडावेसे वाटते.

पाहणाऱ्याच्या डोळ्याला शरीर कितपत कळते, याचा पुरावा पुण्यातच मिळाला आहे. केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या सहा खेड्यांत गरोदर स्त्रिया आणि त्यांची मुले यांचा अभ्यास चालविला. तेथे जन्मणारे मूल इंग्लंडातल्या मुलाहून पुष्कळ हलके असते. त्याचे स्नायू कमी असतात, चरबी मात्र त्या मानाने टिकून असते. २००४ साली ‘लॅन्सेट’मध्ये याज्ञिकांनी आपला आणि आपल्या एका इंग्रज सहकाऱ्याचा फोटो शेजारी शेजारी छापला. उंचीच्या मानाने वजनाचा निर्देशांक दोघांचाही २२.३. परंतु शरीरातली चरबी इंग्रजाच्या अंगात ९.१ टक्के आणि याज्ञिकांच्या अंगात २१.२ टक्के. हा निर्देशांकही मुळात वैद्याने काढलेला नव्हे. केतले नावाच्या बेल्जियन संख्याशास्त्रज्ञाने १८३० च्या दशकात सरासरी माणूस शोधण्यासाठी तो मांडला. आजचे नाव त्याला १९७२ साली मिळाले.

याचा अर्थ असा की, जो बारीक आहे म्हणून निश्चिंत आहे त्याला मधुमेह गाठू शकतो, आणि जो जाड आहे म्हणून हिणविला जातो तो रोज चार मैल चालत असला तर त्याच्याहून बरा असू शकतो. जाड माणसाला धोका नसतो असे मी म्हणत नाही. कमरेचा घेर पुरुषाला ९० सेंटिमीटर आणि स्त्रीला ८० सेंटिमीटर यांपुढे गेला की आपल्या लोकांनी सावध व्हावे असे वैद्यक सांगते, ते ऐकलेच पाहिजे. परंतु ज्या बाईला चारचौघींत हत्तीण म्हणून हसले आहेत, ती दवाखान्यातल्या काट्यावर चढत नाही. ती रक्त तपासावयास देत नाही, संध्याकाळी रस्त्यावर चालावयास बाहेर पडत नाही. पायाची जखम भरत नाही तेव्हा कोठे ती येते. हिणविल्याने माणूस सुधारतो ही आपली समजूत साफ खोटी आहे. मग कोणी विचारील, आहे ते शरीर मान्य केले की आळस वाढणार नाही काय? मला मंडालेचा सातू आठवतो. टिळकांनी मधुमेह मान्य केला म्हणूनच आहार पाळला. जो आपल्या अंगाशी भांडत असतो तो आठ दिवस उपास करतो आणि नवव्या दिवशी सोडून देतो.

उरणच्या मंडळींना नवे काही शिकविण्याची गरज आहे असे मला वाटत नाही. नाचणी तुमच्या रानात होती, ती बाजारात अजून मिळते. ताजी मासळी तर दारात येते. तळण्याऐवजी कालवणात घालावी, आणि भात एक मूठ कमी घ्यावा. सूर्यनमस्काराला पडवी पुरते. व्यायामशाळेच्या चालकांस माझी एक विनंती आहे. आरसे ठेवा, हरकत नाही, परंतु पन्नाशीच्या बाईला आणि सुटलेल्या पोटाच्या गृहस्थाला पहिल्या दिवशी आत यावेसे वाटेल अशी एक वेळ राखून ठेवा. त्या वेळी कोणी कोणाची मापे घेऊ नयेत. आणि द्रोणगिरीची चढण तर आपल्या उशाशी आहे. सध्या उन्हाचे दिवस आहेत, तेव्हा पहाटे निघावे, पाणी बरोबर घ्यावे, आणि ज्याला दम लागेल त्याने वाटेत खुशाल बसावे. बाकीच्यांनी त्याच्यासाठी थांबावे.